गाडीच्या घशातली काजळी

आपली गाडी, आपलं घर

वाचकहो, गेल्या आठवड्यात रेडिएटरच्या पाण्याविषयी लिहिले. त्यानंतर बाजारात, लग्नमांडवात आणि एकदा तर चक्क दवाखान्याच्या रांगेत एकच मागणी कानावर आली. ‘काका, काळ्या धुराचं पण एकदा लिवा की ओ. गाडी जुनी झाली, ओढेना झाली.’ तेव्हा आज त्याच विषयाला हात घालू. त्याला निमित्तही आमच्या गल्लीतच घडले आहे.

आमच्या शेजारी एक अक्का आहेत. माहेर धारवाडचे, सासर आमच्या गल्लीतले. घरात सासूबाईंशी मराठी, आईशी फोनवर कन्नड आणि मुलांवर रागावताना दोन्ही, असा त्यांचा कारभार. तुमच्यापैकी निम्म्या घरांत असाच असेल. त्यांच्याकडे २०१२ सालची डिझेल गाडी आहे, छोटी पाचदारी. कंपनीचे नाव लिहीत नाही, कारण हा दोष एका कंपनीचा नाही. त्या काळातल्या कोणत्याही डिझेल गाडीत तो सापडतो.

गेल्या हिवाळ्यात भावाच्या मुलीच्या निश्चितार्थाला, म्हणजे आपल्या साखरपुड्याला, सगळी मंडळी धारवाडला निघाली. अक्का, त्यांचे यजमान दादा, दोन मुले आणि मागच्या सीटवर आजी. उसाचा हंगाम. कित्तूरच्या अलीकडे एका चढावर दोन ट्रॉल्या लावलेला ट्रॅक्टर पुढे रांगत होता. दादांनी आरसा पाहिला, इंडिकेटर दिला, गाडी उजवीकडे काढली आणि पाय दाबला. गाडी पुढे जाण्याऐवजी जणू मागून कोणी धरून ठेवली. आवाज वाढला, मागे काळ्या धुराचा लोट सुटला आणि वेग काही वाढेना. मागून मोठी बस दिवे उघडझाप करत जवळ येत होती. डावीकडे ट्रॅक्टर, उजवीकडे दुभाजक. बसच्या चालकाने ब्रेक मारला म्हणून निभावले.

‘काका, आजी काही बोलल्या नाहीत, पण धारवाडपर्यंत त्यांनी माझा हात सोडला नाही,’ असे अक्का दुसऱ्या दिवशी सांगत होत्या. मग म्हणाल्या, ‘एन माडूदरी? विकून टाकू काय गाडी?’

दादांनी दोन गॅरेजमध्ये दाखवून आणले होते. एकाने बॉनेट उघडून वासावरूनच निदान केले. ‘ईजीआर गेला. नवीन बसवावा लागेल,’ आणि मुलीच्या वर्षाच्या फीएवढा आकडा सांगितला. दुसऱ्याचा उपाय स्वस्त होता. ‘मधे पत्र्याची चकती मारतो, भोकच बंद. घोड्यागत पळेल बघा.’ दादा चकतीच्या बाजूने झुकले होते. तरी अक्कांनी त्यांना आमच्या दारात आणले.

हा ईजीआर म्हणजे काय?

ईजीआर म्हणजे एक्झॉस्ट गॅस रिसर्क्युलेशन. सोप्या भाषेत, सायलेन्सरकडे निघालेल्या धुरातला थोडा भाग परत इंजिनात सोडणे. पहिल्यांदा ऐकणाऱ्याला हे विचित्र वाटते. उष्टे परत ताटात वाढल्यासारखेच ते. पण त्यामागे कारण आहे.

आपण श्वासात घेतो त्या हवेत सुमारे ७८ टक्के नायट्रोजन आणि २१ टक्के ऑक्सिजन असतो. एरवी हे दोघे एकमेकांच्या वाटेला जात नाहीत. पण इंजिनाच्या सिलिंडरमधली आग फार तापली की त्यांची गाठ पडते आणि नायट्रोजन ऑक्साइड तयार होतात. हा वायू डोळ्यांना फारसा दिसत नाही, पण श्वासनळीला झोंबतो. दम्याच्या माणसाला त्याचा त्रास अधिक होतो, आणि उन्हात त्यापासून जमिनीलगतचा ओझोनही तयार होतो.

आता आपल्या आजीची चूल आठवा. जाळ फार झाला की आजी पाणी ओतत नसे, निखाऱ्यावर थोडी राख सारत असे. राख एकदा जळून गेलेली, ती पुन्हा जळत नाही, फक्त आगीचा जोर कमी करते. ईजीआरचा धूर म्हणजे ती राखच. त्यातला बराचसा ऑक्सिजन आधीच वापरला गेलेला असतो. तो ताज्या हवेत मिसळला की जळण जरा थंडपणे होते आणि नायट्रोजन ऑक्साइड कमी तयार होतात. पेट्रोल गाडीत हे प्रमाण साधारण ५ ते १५ टक्के असते. डिझेल गाडी हलक्या भारावर चालत असते तेव्हा ते याहून बरेच जास्त असू शकते.

अमेरिकेतल्या गाड्यांत ही व्यवस्था १९७० च्या दशकाच्या सुरुवातीलाच आली. आपल्याकडे भारत स्टेजचे मापदंड कडक होत गेले तशी डिझेल गाड्यांत ती घरोघरी पोचली. डिझेल मोटारीला एका किलोमीटरमागे नायट्रोजन ऑक्साइडची मुभा स्टेज तीनमध्ये अर्धा ग्रॅम होती, स्टेज चारमध्ये ती पाव ग्रॅमवर आली. स्टेज तीन देशभर २०१० साली लागू झाले, स्टेज चार १ एप्रिल २०१७ पासून आणि स्टेज सहा १ एप्रिल २०२० पासून. म्हणजे तुमच्या दारात आठ-पंधरा वर्षांची डिझेल गाडी उभी असेल, तर बॉनेटखाली ही मूठभर वस्तू बहुधा असणारच.

किती धूर परत घ्यायचा हे ठरवणारा दरवाजा म्हणजे ईजीआर व्हॉल्व्ह. जुन्या गाड्यांत तो रबरी नळीतून येणाऱ्या व्हॅक्यूमने उघडतो. नंतरच्या गाड्यांत त्याच्या डोक्यावर छोटी विजेची मोटर असते आणि गाडीचा संगणक, म्हणजे ईसीयू, त्याला हुकूम देतो. पेट्रोल गाडी जागेवर सुरू असताना हा दरवाजा बंद असतो. डिझेल गाडीत तो जागेवर आणि हलक्या भारावर बहुधा उघडा राहतो, आणि आपण पाय पूर्ण दाबला की बंद होतो, म्हणजे सगळी ताजी हवा इंजिनाला मिळते. हा फरक लक्षात ठेवा, निदान त्यावरच होते.

काजळी कुठून येते?

धुरात काजळी असते. इंजिनाच्या पोटातून ऑइलची वाफही हवेच्या वाटेत सोडलेली असते. या दोघांची गाठ पडली की डांबरासारखा काळा, चिकट थर बसतो. पेट्रोल गाडीत हा थर बहुतेक कोरडा असतो, डिझेलमध्ये तेलकट. रोज सकाळी मुलांना शाळेत सोडणे, बाजार आणि परत घर, एवढ्याच फेऱ्या असतील तर इंजिन नीट तापतच नाही आणि थर वाढत जातो. एअर फिल्टर तुंबलेला असेल, इंजेक्टर नीट फवारत नसेल किंवा इंजिन ऑइल पीत असेल, तर थर आणखी लवकर बसतो.

असा थर बसला की दरवाजा एक तर उघडा अडकतो, नाही तर बंद अडकतो. दोन्हींची लक्षणे वेगवेगळी असतात.

डिझेल गाडीत दरवाजा उघडा अडकला तर पाय पूर्ण दाबल्यावरही धूर आत येत राहतो आणि ताजी हवा कमी पडते. मग पिकअप जाते, काळा धूर निघतो आणि ॲव्हरेज घटते. पेट्रोल गाडीत उघडा अडकला तर गाडी जागेवर थरथरते, सिग्नलला बंद पडते.

पेट्रोल गाडीत दरवाजा बंद अडकला तर चढावर इंजिन टकटक वाजते. डिझेल गाडीत बंद अडकला तर चालवणाऱ्याला फारसे काही जाणवत नाही. डॅशबोर्डवर इंजिनाचा पिवळा दिवा तेवढा लागू शकतो, आणि मागे नायट्रोजन ऑक्साइड वाढलेले असतात.

आधी निदान, मग पाना

आमच्या काळातले मेस्त्री सांगायचे, गाडी दुखते तिथे आधी हात लावा, पाना नंतर. काळा धूर आणि गेलेले पिकअप ही लक्षणे एकट्या ईजीआरची नव्हेत. म्हणून दादांबरोबर आम्ही क्रमाने पाहत गेलो. तुम्हीही हाच क्रम धरा.

पहिला एअर फिल्टर. काढून उजेडासमोर धरा. तुंबलेला असेल तर बदला, आणि दोन दिवस चालवून मगच पुढचे बघा. दादांचा फिल्टर मळलेला होता, पण तुंबलेला नव्हता.

दुसऱ्या टर्बोपासून इंटरकूलरकडे आणि तिथून इंजिनाकडे जाणाऱ्या जाड रबरी नळ्या. यातली एखादी फाटली किंवा क्लिपमधून सुटली, तर दाबाची हवा बाहेर निसटते आणि हुबेहूब हीच लक्षणे दिसतात. इंजिन बंद आणि थंड असताना नळीच्या खालच्या बाजूने बोटे फिरवा. वरून चांगली दिसणारी नळी खालून उललेली असते, तिथे तेलाचा ओलावाही लागतो. कित्येकांनी नवा ईजीआर बसवला आणि शेवटी दोष निघाला नळीत.

तिसरा एअर फिल्टरनंतर बसवलेला हवा मोजणारा सेन्सर. त्यावर धूळ किंवा तेल बसले की ईसीयूला हवेचा हिशेब चुकीचा मिळतो.

चौथी गोष्ट स्कॅनर. स्टिअरिंगखाली १६ पिनांचे सॉकेट असते. तिथे स्कॅनर लावला की गाडी आपला आजार आकड्यांत सांगते. पी ०४०१ म्हणजे ईजीआरचा प्रवाह कमी पडतो. पी ०४०२ म्हणजे प्रवाह जास्त. पी ०४०३ म्हणजे विजेच्या जोडणीत दोष. पी ०४०४ म्हणजे दरवाजा सांगितल्या जागी जात नाही. ०४०५ आणि ०४०६ हे त्याच्या जागेची खबर देणाऱ्या सेन्सरचे आकडे. कोड मिळाला म्हणजे निकाल लागला असे मात्र समजू नका. तो गल्लीचा पत्ता सांगतो, घर आपण शोधायचे असते. ०४०३ आला तर काजळी खरडत बसण्याआधी कपलर आणि वायर बघा. उंदराने कुरतडलेली वायर मी स्वतः दोनदा पाहिली आहे.

दादांच्या गाडीत ०४०४ निघाला. चांगल्या स्कॅनरवर आणखी एक गोष्ट दिसते, ईसीयूने दरवाजा किती उघडायला सांगितला आणि तो प्रत्यक्षात किती उघडा आहे. इथे हुकूम होता शून्याचा, आणि दरवाजा अठरा टक्क्यांवर थांबलेला. म्हणजे काहीतरी मधे अडकले होते.

व्हॅक्यूमवर चालणारा व्हॉल्व्ह असेल तर परीक्षा वेगळी. रबरी नळी चिरलेली नाही ना ते आधी पाहा. मग हातपंपाने व्हॉल्व्हला व्हॅक्यूम द्या. आतला पडदा उचलला गेला पाहिजे आणि तसाच टिकला पाहिजे. लगेच सुटला तर पडदा फाटला आहे, तिथे सफाईचा उपयोग नाही. पेट्रोल गाडी जागेवर सुरू असताना असा व्हॉल्व्ह उचलला, तर इंजिन अडखळले पाहिजे. काहीच फरक पडला नाही, तर धुराची वाटच तुंबली आहे.

अजून एक साधी युक्ती. विजेच्या व्हॉल्व्हचा कपलर काढून जवळपास एक छोटी फेरी मारा. बऱ्याच गाड्यांत आतली स्प्रिंग दरवाजा बंद करते. पिकअप परत आले, तर संशय ईजीआरवर पक्का. आले नाही, तर दरवाजा काजळीने अडकलेला असेल किंवा दोष दुसरीकडेच असेल. दिवा लागेल, घाबरू नका. फेरी झाली की कपलर परत लावा. ही फक्त परीक्षा आहे, उपाय नव्हे.

सफाई कशी करावी

दादांच्या गाडीत व्हॉल्व्ह वरच्या बाजूला, हाताला येईल असा होता, म्हणून आम्ही रविवारी अंगणातच काम काढले. तुमच्या गाडीत तो मागे, खाली किंवा पाण्याच्या कूलरला जोडलेला असेल तर मेस्त्रीकडेच द्या. कूलरची पाण्याची नळी उघडली तर कूलंट सांडते, ते परत भरून त्यातली हवा काढावी लागते. आणि कूलंट कुठे गळताना दिसत नाही तरी कमी होते, शिवाय पांढरा धूर येतो, असे असेल तर कूलर आतून फुटलेला असू शकतो. तिथे घरगुती सफाईच्या भानगडीत पडू नका.

इंजिन पूर्ण थंड होऊ द्या. हा धुराचा रस्ता आहे, गरम असताना हात भाजतो. बॅटरीची वजा बाजू सोडा. प्रत्येक कपलर आणि नळीचा मोबाइलवर फोटो काढून ठेवा, म्हणजे बसवताना वाद होत नाहीत. कपलरची कळ दाबून तो अलगद काढा, वायर धरून ओढू नका. बोल्ट गंजलेले असतील तर गंज सोडवणारे तेल मारून अर्धा तास थांबा. जोर लावून बोल्ट तुटला तर पाचशेचे काम पाच हजारांचे होते.

व्हॉल्व्ह निघाला की मधले जुने पॅकिंग काढून टाका. नवीन आधीच आणून ठेवलेले असावे. इंजिनाच्या बाजूच्या उघड्या भोकात स्वच्छ फडका कोंबा, आणि किती फडके कोंबले ते लक्षात ठेवा. खरडताना एक खपली जरी आत पडली तरी ती सिलिंडरपर्यंत जाऊ शकते.

आमच्या व्हॉल्व्हचे तोंड पाहून अक्कांच्या तोंडून निघाले, ‘अय्यो, येष्ट मसि हिडदैति!’ खरेच, रुपयाच्या नाण्याएवढ्या वाटेत करंगळी जाईल एवढीच जागा उरली होती. आणि दरवाजा टेकतो त्या कडेवर हरभऱ्याच्या डाळीएवढी कडक खपली अडकली होती. अठरा टक्क्यांचे कारण तेवढेच. त्या खपलीमुळे चढावर पाच माणसांचा जीव टांगणीला लागला होता.

हातात रबरी मोजे, डोळ्यांवर चष्मा, नाकावर मास्क हवेच. ही काजळी फुफ्फुसात जाण्यासारखी वस्तू नव्हे. काम उघड्यावर करा, जवळ शेगडी, विडी, उदबत्ती काही नको. कार्ब्युरेटर किंवा ईजीआर साफ करण्याचा स्प्रे फक्त धातूच्या भागावर मारा, दहा मिनिटे मुरू द्या, मग लाकडी किंवा प्लॅस्टिकच्या पट्टीने आणि जुन्या टूथब्रशने काढा. पुन्हा स्प्रे, पुन्हा ब्रश. टोकदार स्क्रू ड्रायव्हरने टेकण्याची कडा खरवडू नका. तिथे ओरखडा पडला तर दरवाजा कधीच नीट बसणार नाही. विजेची मोटर नेहमी वरच्या बाजूला धरा, म्हणजे पातळ घाण तिच्यात उतरत नाही. दरवाजाची दांडी पक्कडीने जबरदस्तीने ओढू नका. काजळी सुटली की ती बोटाने हलते आणि स्प्रिंगने परत येते.

इथे माझी एक चूक कबूल करतो. बऱ्याच वर्षांपूर्वी मी एका मित्राचा विजेचा व्हॉल्व्ह रात्रभर रॉकेलच्या डब्यात बुडवून ठेवला होता. सकाळी तो आरशासारखा चकचकीत निघाला आणि कायमचा मुका झाला. मोटरमध्ये रॉकेल शिरले होते. नव्याचे पैसे मित्राने दिले, मला काही बोलला नाही, आणि त्याचे न बोलणे अजून लागते.

दुसरा सावधगिरीचा इशारा घरातल्या बायकांना पटेल. जर्मनच्या भांड्यात सोडा घालून उकळले की भांडे काळे पडते, हे आपण जाणतो. व्हॉल्व्हचे घर बहुतेक त्याच धातूचे, म्हणजे ॲल्युमिनियमचे असते. मोरी साफ करण्याचा कॉस्टिक सोडा, शेगडी साफ करण्याचे झणझणीत औषध, यांतले काहीही लावू नका, ते धातू खाते. आणि इंजिन सुरू ठेवून हवेच्या वाटेत स्प्रे मारण्याचा प्रयोग डिझेल गाडीत तर करूच नका. पेट घेणारा तो फवारा इंजिनाला जळण म्हणून मिळाला, तर रेस हाताबाहेर जाऊ शकते.

सगळे वाळले की फडके मोजून काढा, नवे पॅकिंग घाला आणि बोल्ट आलटून पालटून, थोडे थोडे, आखूड पान्याने आवळा. ॲल्युमिनियमचे आटे लवकर मरतात. कपलर लावा, बॅटरी जोडा, स्कॅनरने जुने कोड पुसा. काही गाड्यांत ईसीयूला दरवाजाची बंद जागा पुन्हा शिकवावी लागते, ते काम स्कॅनरवाला करतो. शेवटी इंजिन सुरू करून सांध्याभोवती धूर फुसफुसत नाही ना ते पाहा. त्या धुरात कार्बन मोनॉक्साइड असतो. गाडीत बसल्यावर धुराचा वास आला तर गाडी तशीच चालवू नका.

आम्हाला तीन तास लागले. खर्च एक स्प्रे, एक पॅकिंग आणि अक्कांचा दोन वेळचा चहा. स्कॅनरवर हुकूम शून्य, दरवाजाही शून्य. संध्याकाळी दादा हायवेवर एक फेरी मारून आले. पहिल्या दोन किलोमीटरमध्ये सुटलेली काजळी बाहेर पडली, मग मागे काही दिसेना. ‘ओढालीय की ओ काका!’ एवढेच म्हणाले, पण चेहऱ्यावरून कळत होते.

सगळ्यांचे असेच होईल असे मात्र मी सांगणार नाही. मोटर जळलेली असेल, पडदा फाटलेला असेल, टेकण्याची कडा झिजलेली असेल, तर नवा व्हॉल्व्ह घ्यावाच लागतो. आणि सफाईनंतर दोन-तीन महिन्यांत पुन्हा तीच तक्रार आली, तर काजळी जास्त का होते ते शोधा. इंजेक्टर बघा, ऑइल किती पिते ते बघा.

आणि त्या चकतीचे काय?

आता चकतीकडे येऊ, कारण हा प्रश्न मला सर्वांत जास्त विचारला जातो. चकती मारल्यावर डिझेल गाडी चांगली पळते हे खरे आहे. काजळीही कमी बसते. खोटे सांगून मला तुम्हाला थांबवायचे नाही. पण पुढचेही ऐका.

ईसीयूला प्रवाह मिळत नाही, तेव्हा बहुतेक गाड्यांत पिवळा दिवा कायमचा लागतो. मग उद्या खरा दुसरा दोष आला तरी तुम्हाला कळणार नाही, कारण दिवा तर रोजच लागलेला. मोटार वाहन कायद्याच्या कलम ५२ प्रमाणे कंपनीने दिलेल्या रचनेत असा बदल करायला मनाई आहे. आणि प्रदूषणाचे मापदंड मोडणाऱ्या गाडीला कलम १९०(२) खाली, २०१९ च्या दुरुस्तीनंतर, दहा हजार रुपयांपर्यंत दंड, तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन्ही होऊ शकतात.

दादांनी मला बरोबर जागी पकडले. ‘पण काका, पीयूसीत कुठं सापडतंय?’ खरे आहे. या जुन्या डिझेल गाडीच्या पीयूसीत धुराचा काळेपणा मोजतात, पेट्रोल गाडीत कार्बन मोनॉक्साइड आणि हायड्रोकार्बन. नायट्रोजन ऑक्साइड कोणी मोजत नाही. उलट चकती मारलेली डिझेल गाडी काळा धूर कमी सोडते, म्हणून पीयूसीत आणखीच शहाणी दिसते.

मी काही बोलायच्या आधीच अक्का बोलल्या. रोज सकाळी दादा गाडी सुरू करून ठेवतात आणि मुलांचे डबे येईपर्यंत पाच-दहा मिनिटे ती तशीच उभी असते. उभी कुठे असते, तर आजींच्या खिडकीखाली. आजींना वीस वर्षे दमा. ‘मशीनला सापडत नाही म्हणता, आजींच्या छातीला सापडेल की,’ अक्का म्हणाल्या. त्यावर दादा गप्प झाले. खिशातली चकती काढून त्यांनी अंगणातल्या भंगाराच्या पोत्यात टाकली. आणि मी एक जादा सल्ला दिला, तो तुम्हालाही देतो. गाडी जागेवर तापवत ठेवण्याची गरज नसते. अर्ध्या-एक मिनिटाने निघा, पहिले दोन-तीन किलोमीटर हळू चालवा. डिझेल वाचते, काजळी कमी होते, आणि खिडकीतली माणसेही सुखी राहतात.

बाकी पथ्य सोपे आहे. ऑइल आणि फिल्टर वेळेवर, कंपनीने सांगितलेलेच ऑइल. गाडी फक्त गावातच फिरत असेल तर आठ-पंधरा दिवसांतून एकदा तिला खानापूर किंवा निपाणीच्या रस्त्याला न्या, इंजिन नीट तापू द्या आणि अर्धा तास एकसारखी चालवा. आणि गाडी कधी नेहमीपेक्षा कमी ओढते असे वाटले, तर त्या दिवशी कोणाला ओलांडायला जाऊ नका. ट्रॅक्टरच्या मागे दहा मिनिटे जातील, जाऊ देत.

गेल्या महिन्यात त्याच मुलीच्या लग्नाला मंडळी धारवाडला जाऊन आली. निघताना आजी मागच्या सीटवर बसल्या, काच खाली केली आणि मुलाला म्हणाल्या, ‘सावकाश रे.’ शेजारून अक्काही तेच म्हणाल्या, आणि कन्नडमध्येही तो शब्द सावकाशच आहे.

पुढच्या आठवड्यात हँडब्रेकविषयी. तोवर आपला एअर फिल्टर काढून एकदा उजेडासमोर धरून बघा.